माझ्या नावावरची चाल

१४ सप्टेंबर १९७६

यिराकने आज तिसऱ्यांदा चाल परत केली. पियानोवर कोपर टेकून ऐकत होता. संपल्यावर म्हणाला, "छान आहे रे एवझेन. गेल्या वर्षी त्या रेल्वेवाल्या मालिकेत होती, तेव्हाही छानच होती."

खोलीत आम्ही दोघंच होतो, म्हणून मीही हसलो.

चौतीस चित्रपट, नऊ मालिका. पाठलाग, धुकं, कारखान्यातली पहाट, पहिलं चुंबन, जे मागाल ते मी दोन दिवसांत लिहून देतो. दिग्दर्शक मला बोलावतात ते त्यासाठीच. पण या वेळी यिराकला वेगळंच हवंय. अकरा भागांची मालिका आहे, मोटरसायकलवरून गावोगाव फिरणाऱ्या सुईणीची. "शीर्षकाची चाल अशी दे," तो म्हणाला, "की बाईने भांडी घासताना नळ बंद करून ऐकावी."

बोहुंकाने आलुबुखाराचे उकडलेले गोळे केले होते, वर खसखस आणि लोणी. मी अकरा खाल्ले. ती म्हणाली, "आज काम झालं नाही वाटतं." बावीस वर्षांच्या संसारात बायकोला नवऱ्याच्या खाण्यावरून सगळं कळायला लागतं, हे काही बरं नाही.

२२ सप्टेंबर

लिहायला लाज वाटते, पण ही वही दुसरं कोणी वाचत नाही.

ट्रॅममध्ये चढलो तर पुढच्या दाराशी हेदा उभी. हेदविका पेखोवा, संगीत अकादमीत आमच्या वर्गात पहिली यायची. मी दुसरा. परदेशी रणगाडे शहरात आले त्यानंतरच्या वर्षी सगळ्यांकडून कागद लिहून घेतले, की ते आपल्या मदतीलाच आले होते. हेदाने लिहून दिलं नाही. तेव्हापासून तिचं नाव कुठेच छापलं जात नाही, कुठे वाजत नाही. एका इस्पितळाच्या धोबीखान्यात चादरींना इस्त्री करते. मी लिहून दिलं होतं. सगळ्यांनीच दिलं होतं. म्हणजे, हेदा सोडून.

मी तिच्याकडे पाठ केली आणि पुढच्याच थांब्यावर उतरायला निघालो. तेवढ्यात मागून तिचा आवाज आला, अगदी साधा, "एवझेन, दोन थांबे आधी उतरू नकोस. बाहेर ओतायला लागलंय."

मी उतरलो. कोपऱ्यावर पोचेपर्यंत कॉलरमधून पाणी आत गेलं होतं.

३ ऑक्टोबर

नुस्लेमधल्या तिच्या खोलीवर गेलो. हे स्वतःहून केलं, याची इथे नोंद असावी.

खोलीत एक उभा पियानो, एक पलंग, खिडकीत कांद्याची पात लावलेला डबा. शेजारच्या मुलांना ती संध्याकाळी पियानो शिकवते, त्याची परवानगी कशीबशी मिळाली आहे. मी सरळ विषयाला हात घातला. हल्ली बरेच जण करतात तसं करू, म्हटलं. आमच्यात याला 'छप्पर घालणं' म्हणतात. काम एकाचं, वर नाव दुसऱ्याचं, म्हणजे पहिल्याच्या डोक्यावर पाऊस पडत नाही.

"म्हणजे तू माझं छप्पर," ती म्हणाली.

"तुला पुन्हा लिहायला मिळेल, हेदा."

"लिहितेच आहे मी. लिहायला कोण अडवतंय? वाजत नाही, एवढंच." इस्त्रीने भाजलेल्या बोटांनी तिने कॉफी ढवळली. "आणि तुझ्याकडे काय अडलंय? चाल सुचत नाहीये ना?"

मी म्हटलं, तसं काही नाही, वेळ कमी आहे. ती हसली नाही, हे तिचं मोठेपण.

तिची एकच अट. मोबदल्याविषयी बोलायलाही तयार नाही. "ध्वनिमुद्रणाला मला आत घे. नकलनवीस म्हण, काहीही म्हण. मागे कुठेतरी उभी राहीन. आठ वर्षांत माझं काही चाळीस माणसांनी मिळून वाजवलेलं मी ऐकलेलं नाही."

मी शब्द दिला. परत येताना खूप हलकं वाटत होतं. एखाद्यासाठी काही केलं की असं वाटत असावं.

१७ ऑक्टोबर

पानं आली. शीर्षकाची चाल क्लॅरिनेटवर आहे, जेमतेम सोळा मात्रांची. मध्येच, वर चढण्याआधी, ती थांबून दम घेते. दिवसभर ओझं वाहिलेल्या बाईने जिन्याच्या अर्ध्यात कठड्याला हात टेकावा, तशी. मग वर जाते.

मी चार वेळा वाजवली. पाचव्यांदा वाजवता येईना.

बोहुंका दाराशी येऊन उभी राहिली. लग्नाआधी ती नभोवाणीच्या वाद्यवृंदात व्हायोला वाजवायची. "हे काय आहे?" तिने विचारलं.

"मालिकेचं."

"तुझं?"

"मग कोणाचं?"

ती हातातला कपडा घडी घालून निघून गेली.

पानं माझ्या अक्षरात उतरवून काढली. दुसऱ्या ओळीतला एक सूर मी बदलला आहे. तेवढ्यापुरती तरी चाल माझीही झाली.

१० नोव्हेंबर

ध्वनिमुद्रण झालं. सकाळी दहाला.

हेदाला मी दुपारी तीन सांगितलं होतं.

कारणं होती. कलावंतांवर नजर ठेवणाऱ्या सरकारी कार्यालयातला ब्लाझेक हल्ली अचानक स्टुडिओत डोकावतो. कोणी तिला ओळखलं असतं तर मालिका गेली असती, माझं नाव गेलं असतं, आणि तिचं तर उरलेलंही गेलं असतं. मी दोघांच्याही भल्याचं पाहिलं. असं मी कालपासून स्वतःला सांगतोय.

शेवटचा सूर विरल्यावर वाद्यवृंदातले लोक आपापल्या गजांनी समोरच्या स्टँडवर टकटक करू लागले. वादक टाळ्या वाजवत नाहीत, मनापासून आवडलं तर हेच करतात. पंचवीस वर्षांत माझ्यासाठी कोणी केलं नव्हतं. म्हातारा क्लॅरिनेटवाला रुमालाने डोळे पुसत म्हणाला, "मायस्त्रो, इतके दिवस ही कुठे लपवून ठेवली होती?" मी वाकून अभिवादन केलं. दोनदा.

तीन वाजता मी तिथेच होतो. निघून जाता आलं असतं, पण थांबलो. हेदा आली ती चांगला कोट घालून, केस विंचरून. खुर्च्या एकावर एक रचून ठेवत होते. तिने खुर्च्यांकडे पाहिलं, मग भिंतीवरच्या फलकाकडे. त्यावर खडूने 'सकाळी १०' अजून तसंच होतं.

"वेळ ऐनवेळी बदलली," मी म्हणालो.

"हो. बदलते कधी कधी." आणि मग, "क्लॅरिनेट कसं वाजलं?"

"चांगलं."

"दम घ्यायला थांबला ना तो? घाई नाही ना केली?"

"थांबला."

तिने मान हलवली आणि बटणं लावली.

२३ जानेवारी १९७७

दोन भाग दाखवून झाले. चाल सगळीकडे आहे. खाटकाच्या दुकानात रांगेतल्या बायका गुणगुणतात, ट्रॅमचा चालक शिट्टीवर वाजवतो. यिराकने मला सगळ्यांसमोर मिठी मारली. "मी म्हणत होतो की नाही, याच्यात अजून रस आहे म्हणून!"

घरी शीर्षकं सुरू झाली की बोहुंका उठून स्वयंपाकघरात जाते. सतत ऐकून कंटाळली असेल बिचारी.

३० जानेवारी

एका साप्ताहिकात माझी मुलाखत आली आहे, फोटोसकट. चाल कशी सुचली, असं मुलाखत घेणाऱ्या मुलीने विचारलं. तोंडातून निघून गेलं, की आई पीसेकच्या घरी लोणी काढताना गुणगुणायची, तेच कुठेतरी मनात राहिलं असावं. तिने डोळ्यांत पाणी आणून लिहून घेतलं.

आज सकाळी आईचा फोन. वय ऐंशी, आवाज सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असा. "अरे एवझेन, मी कधी गायले? मला सूर लागत नाही म्हणून चर्चमध्ये तोंड मिटून उभं राहायला सांगायचे, अख्ख्या पीसेकला माहितीये! आणि लोणी आपण दुकानातून आणायचो. आता शेजारीण म्हणते, गाऊन दाखवा. काय दाखवू तिला?"

मी म्हटलं, आई, पत्रकार काहीही लिहितात.

११ फेब्रुवारी

मानवी हक्कांची आठवण करून देणारा एक कागद गेल्या महिन्यापासून परदेशी रेडिओवर वाचला जातोय. त्यावर सह्या करणाऱ्यांचा निषेध करायला आम्हा सगळ्यांना बोलावलं होतं. मी सही केली. रांग लांब होती, ओळखीचे पुष्कळ होते, सगळे हवापाण्याबद्दल बोलत होते.

हेदाने मूळ कागदावर सही केली आहे. हे मला ब्लाझेककडून कळलं.

सही झाल्यावर त्याने मला आत बोलावलं. मऊ बोलतो, पेन्सिलीला टोक करत राहतो. "कॉम्रेड मातोउश, तुम्ही त्या पेखोवाबाईंचे वर्गमित्र. परदेशात आता म्हणणार, यांनी केवढ्या मोठ्या कलावतीला धोबीखान्यात घातलं. तुमचं मत द्या ना. एका व्यावसायिकाचं. दोन ओळी पुरेत."

मी लिहिलं: 'अकादमीत त्यांची गती सामान्य होती. रचनेत स्वतंत्र कल्पना आढळत नाही.'

लिहिताना मनात होतं, की सामान्य माणसाला कोण त्रास देईल? तिला सामान्य ठरवलं तर सोडून देतील. जिना उतरताना हे अगदी पटलेलं होतं. रस्त्यावर आल्यावर ते पटेनासं झालं.

२ मार्च

हेदाची पियानो शिकवण्याची परवानगी काढून घेतली म्हणतात. कारण दिलंय, पुरेशी पात्रता नाही. योगायोग असेल. अशा परवानग्या हल्ली पुष्कळांच्या जातात.

१९ एप्रिल

मालिकेच्या संगीताला गेल्या महिन्यात या वर्षीचा सन्मान जाहीर झाला. मी बोहुंकाला म्हटलं, समारंभासाठी नवा पोशाख शिवून घे.

ती बटाटे सोलत होती. सोलता सोलताच म्हणाली, "मी येणार नाही."

"का?"

"एवझेन, या भिंतीच्या पलीकडे बसून बावीस वर्षं मी तुला ऐकतेय. तुझ्या चाली धावतात. त्यांना भीती वाटते, थांबलो तर लोक उठून जातील. ही चाल थांबते. ही तुझी नाही."

मी आधी चिडलो, मग खुर्चीवर बसलो. आणि सगळं सांगितलं, हेदाला सांगितलेल्या तीन वाजताचंसुद्धा. त्या दोन ओळी तेवढ्या सांगितल्या नाहीत.

"मी ऑक्टोबरपासून वाट पाहत होते," ती म्हणाली, "तू आपणहून कधी सांगतोस याची." आणि सोललेले बटाटे पाण्यात टाकले. तिने मला दोष दिला असता तर काहीतरी उत्तर देता आलं असतं.

काल समारंभाला मी एकटाच गेलो. तिला इन्फ्लुएंझा झाल्याचं सगळ्यांना सांगितलं.

६ सप्टेंबर

हेदा आली होती. पहिल्यांदाच आमच्या घरी. तिला देश सोडायला लावताहेत. रोज चौकशीला बोलावतात, धोबीखान्यातूनही काढलं. उद्या व्हिएन्नाच्या गाडीने जाणार, एक पेटी घेऊन. परत येता येणार नाही.

बोहुंकाने केक ठेवला आणि हेदाचा हात बराच वेळ धरून ठेवला. मग आम्हाला दोघांना सोडून आत गेली.

"त्या दोन ओळी मला चौकशीत वाचून दाखवल्या," हेदा म्हणाली. "फेब्रुवारीतच."

मी म्हणालो, "मला वाटलं, त्यामुळे तुला..."

"तुला काय वाटलं ते राहू दे. मला एवढंच सांग, तुला खरंच तसं वाटतं का? म्हणजे, कल्पना आढळत नाही असं? मी कितीतरी दिवस त्याचाच विचार करतेय. चौकशीवाल्याचं काय, त्याला संगीतातलं काय कळतं? पण तू वर्गात माझ्या शेजारी बसायचास."

आजवर मला कोणी इतका भयंकर प्रश्न विचारला नव्हता. म्हणजे ती त्या ओळींवर विश्वास ठेवण्याच्या बेतात होती.

"नाही," मी म्हणालो. "वाटत नाही. कधीच वाटलं नव्हतं."

"बरं." तिने मोठा श्वास सोडला, जणू मीच तिच्यावर उपकार केले होते. केक संपवला, बशीतले कणसुद्धा बोटाने टिपून खाल्ले, आणि गेली. निरोप द्यायला स्टेशनवर मी गेलो नाही. बोहुंका गेली.

१६ जानेवारी १९७८

ब्लाझेकने बोलावलं. टेबलावर एक व्हिएन्नाचं वर्तमानपत्र आणि छापील अर्ज.

हेदाने तिकडे क्लॅरिनेट आणि तंतुवाद्यांसाठी एक रचना केली आहे, आणि तिच्यात ती चाल आहे. तिची स्वतःची चाल. मैफलीनंतर इथून गेलेल्या कोणीतरी ओळखली आणि आरडाओरडा झाला, की ही तर मातोउशच्या मालिकेतली. आता तिथली मंडळी तिच्याकडे खुलासा मागताहेत. नाही दिला तर पुढची कामं बंद.

"देश सोडलेल्या बाईने तुमची चाल चोरली," ब्लाझेक म्हणाला. "तक्रारीवर सही करा. बाकी आम्ही बघतो."

मी म्हटलं, विचार करून उद्या येतो.

"यात विचार कसला करायचा?" तो म्हणाला, आणि पेन्सिलीला टोक करायचं थांबला.

१७ जानेवारी

सकाळी अर्ज भरला. 'तक्रारीचे स्वरूप' या जागेत लिहिलं: 'सदर चाल हेदविका पेखोवा यांचीच आहे. ऑक्टोबर १९७६ मध्ये त्यांनी ती मला दिली. मी ती स्वतःच्या नावावर घातली.' खाली सही केली. अक्षर वाचता येत होतं.

ब्लाझेकने वाचलं. पुन्हा वाचलं. रागावला नाही. कागदाचे नीट चार तुकडे केले आणि टोपलीत टाकले. "तुमची तब्येत बरी नाही, मायस्त्रो. सन्मान आम्हीच दिला, पेपरात आम्हीच छापलं. आम्ही सगळे मूर्ख होतो, असं म्हणायचंय का तुम्हाला? घरी जा. गरम चहा घ्या. तक्रार तुमच्या सहीशिवायही जाईल."

आणि मला हायसं वाटलं. आज मुख्य लिहायचं आहे ते हेच. तुकडे टोपलीत पडले तेव्हा मला हायसं वाटलं. सांगूनही झालं आणि काही बिघडलंही नाही. पूल ओलांडेपर्यंत मी जवळजवळ आनंदात होतो.

घरी आल्यावर बोहुंकाला म्हटलं, "मी खरं सांगून टाकलं."

"कोणाला?"

"ब्लाझेकला."

"त्याला कशाला? त्याला ते नकोच होतं." ती माझ्याकडे बघत राहिली. "ज्यांना हवंय ते व्हिएन्नात आहेत."

१९ जानेवारी

व्हिएन्नाच्या त्या वर्तमानपत्राला टपालातून पत्र पाठवलं तर उघडून वाचतील. बोहुंकाची एक मैत्रीण ऑस्ट्रियन माणसाशी लग्न करून तिकडे राहते, ती आईला भेटायला आली आहे. परवा परत जाते. पत्र तिच्याजवळ द्यायचं ठरलं. तीन पानं झाली. यात त्या दोन ओळीही घातल्या. खाली पूर्ण नाव, पत्ता, आणि हेदाने शाईने लिहिलेलं मूळ पान जोडलं. ते मी जाळलं नव्हतं. का नाही जाळलं, ते मला सांगता येत नाही. तेवढं एक काम बरं केलं.

पाकीट बोहुंकाने चिकटवलं. मी चिकटवलं असतं की नाही, देव जाणे.

२५ फेब्रुवारी

पत्र तिकडच्या वर्तमानपत्रात छापून आलं. आमच्याकडे त्याबद्दल एक अक्षर नाही. मालिकेचं पुनःप्रक्षेपण चालू आहे, फक्त शीर्षकात आता संगीतकाराचं नावच नाही. यिराकने फोन केला आणि स्वतःचं नाव न सांगता म्हणाला, "गाढवा, गाढवा, गाढवा," आणि ठेवून दिला. त्याचा आवाज रडका होता की काय, कळलं नाही.

दुसऱ्या मालिकेतून मला काढलं. लोक मला बघून ट्रॅममधून आधी उतरतात. मी त्यांना काही म्हणत नाही.

हेदाचं काहीच आलं नाही. यावं तरी का?

१३ मार्च

व्हर्शोवित्सेतल्या नृत्यशाळेत काम मिळालं आहे. सात-आठ वर्षांच्या मुली दांडीला धरून पाय उचलतात आणि मी पियानो वाजवतो. एक दोन तीन, एक दोन तीन. बाई ओरडतात, "मास्तर, हळू! धावू नका!" मी हळू करतो.

आज वर्ग सुटल्यावर व्हरांड्यात एका मुलीची आई जवळ आली. हातात मुलीचे ओले बूट. "तुम्ही ते मातोउश ना? सुईणीच्या मालिकेतले? अहो, किती वाईट झालं हो. ती बाई तुमची चाल घेऊन पळाली म्हणे! आणि तुम्हाला इथे या पोरींसमोर बसायची वेळ आली. आमच्या घरी सगळे हळहळतात तुमच्यासाठी."

ती खरंच हळहळत होती. माझ्या दंडावर हात ठेवला होता तिने. किती सोपं होतं मान खाली घालणं. लोकांनी माझ्यासाठी सगळं एवढं आयतं तयार करून ठेवलं आहे.

"चाल त्या बाईंचीच आहे," मी म्हणालो. "मी घेतली होती."

तिने हात काढला. इकडेतिकडे पाहिलं. "हळू बोला," ती म्हणाली. "मुलं आहेत."

मुली भिंतीशी बसून नाड्या बांधत होत्या. एकदोघींनी माना वर केल्या होत्या. तिथून निघून जावं असं फार वाटत होतं.

"हेदविका पेखोवा," मी म्हणालो. "त्यांचं नाव हेदविका पेखोवा." पहिल्यापेक्षा हळू नाही.